आईच्या गुडघ्याचे पॉईंट

मिरजेच्या दवाखान्यात पैसे भरायच्या खिडकीसमोर दादाची आणि वहिनीची जुंपली, तेव्हा मी दोघांच्या मधे आईची फाईल धरून उभा होतो आणि आई मागच्या बाकावर बसली होती. आईच्या उजव्या गुडघ्याची वाटी बदलायची होती आणि त्याआधी अनामत भरायची होती. पैसे तयार होते. दादानं शेतातले आणि मी पगारातले बाजूला काढून वहिनीच्या खात्यावर ठेवले होते. खिडकीतल्या मुलीनं विचारलं, "कसे भरणार?" दादा म्हणाला, "चेक." तेवढ्यात वहिनीनं पर्समधून क्रेडिट कार्ड काढून खिडकीतून आत सरकवलं.

"ह्येच्यावर घ्या, ताई."

"अगं, पैसं हायती की आपल्याकडं," दादा म्हणाला.

"हायती म्हणूनच घेते. बिल आलं की त्यातनंच सगळं भरायचं. पण ह्येच्यावर घेतलं की पॉईंट पडत्यात."

दादाचा आवाज एकदम चढला. "माझ्या आईचं हाड कापाय लागल्यात, आन् तू पॉईंट मोजतीस व्हय?"

रांगेतली माणसं वळून बघायला लागली. वहिनीनं आवाज चढवला नाही. "मोजते की. पैसं तर जाणारच हायती. जाता जाता आत्याबाईंस्नी काय मिळत असंल तर ते का सोडायचं?"

दादा बाहेर जाऊन चहाच्या गाड्यापाशी उभा राहिला. मुलीनं मशीन पुढं केलं, वहिनीनं पिन दाबला, पावती निघाली. मला त्या वेळी दादाचं म्हणणं पटलं होतं.

वहिनीचं आष्ट्यात कापडाचं दुकान आहे. पुढं ब्लाऊजपीस, अस्तर, साड्या आणि मागच्या बाजूला शिलाईची मशिनं. लग्न होऊन आली तेव्हा ती घरीच शिवायची. दुकान तिनं नंतर स्वतःच्या हिमतीवर टाकलं. दुकानाचं खातं असलेल्या बँकेनं तिला कार्ड देऊ केलं, तेव्हा घरात सगळ्यांनी नको म्हणून सांगितलं. तिनं घेतलं, पण पहिल्याच दिवशी स्वतःपुरता एक नियम केला. खात्यात आधी पैसे असतील तरच कार्ड घासायचं आणि बिल आलं की पूर्ण भरायचं. हा नियम तिनं एकदाही मोडलेला मी पाहिला नाही. मी पाचगणीला एका निवासी शाळेत शिकवतो. तिथं आमच्या शिक्षकांच्या खोलीत भल्याभल्यांची कार्डाच्या व्याजापायी दमछाक होते, म्हणून मला त्या नियमाची किंमत कळते.

आई पूर्वेकडच्या माणदेशी धनगरांची. लग्नाआधी दर दिवाळीनंतर ती आईबापांबरोबर मेंढरं घेऊन घाट उतरायची आणि कोकणात जायची, उन्हाळा सरता सरता परत वर यायची. लग्नानंतर वडिलांनी मेंढरं विकून आष्ट्याकडं जमीन घेतली आणि आईचं चालणं शेतापुरतं उरलं. पण गुडघे तोवर झिजले होते. शेवटची दोन वर्षं ती उंबरा ओलांडतानासुद्धा दाराची चौकट धरायची.

ऑपरेशन चांगलं झालं. दुसऱ्याच दिवशी तिला वॉकर धरून उभं केलं. वहिनी दुकान बंद ठेवून तिच्यापाशी राहिली होती. डॉक्टरांनी शिकवलेला व्यायाम ती आईकडून करून घ्यायची. आई कण्हली की थांबायची, पण सोडायची नाही. अशाच एका दुपारी आईनं विचारलं, "पोरी, खिडकीपाशी ह्यो का चिडला हुता? पाईंट म्हंजी काय असतंय?"

वहिनीनं सांगितलं, की कार्डावर खर्च केला की बँक ठरावीक रकमेमागं एकेक पॉईंट देते आणि ते बरेच साठले की त्यावर वस्तू मिळतात, हॉटेलचं जेवण मिळतं, विमानाचं तिकीटसुद्धा मिळतं.

"इमानाचं?" आई उशीवरून उठायला लागली.

मग तिनं आम्हाला जे सांगितलं ते मी तोवर कधी ऐकलं नव्हतं. लहानपणी घाटमाथ्यावर त्यांचा तळ पडला होता. मेंढरं बसली होती आणि वरून विमान गेलं. तिनं तिच्या वडिलांना विचारलं होतं, वरच्या माणसांस्नी आपण दिसत असू का? वडील म्हणाले होते, कुणाला ठावं. "तवापासनं मला वाटतंय," आई म्हणाली, "एकदा वरनं तो घाट बघावा. पण गड्या, आमाला कोण बसवतंय इमानात."

वहिनीनं माझ्याकडं बघितलं. तिनं काही वचन दिलं नाही. आईचा पाय हळूच उचलून परत उशीवर ठेवला आणि म्हणाली, "चला, अजून धा येळा वाकवायचा हाय."

आठवड्याभरात तिचा मला पाचगणीला फोन आला. "भावजी, पॉईंट दिसंनात."

मी म्हटलं, "बँकेला फोन लावूया." सुट्टीच्या दिवशी आष्ट्याला गेलो, तिच्या दुकानात बसलो आणि मोबाईल स्पीकरवर ठेवला. बऱ्याच वेळानं एक मुलगा बोलला. त्यानं समजावलं ते असं: कार्ड घासलं त्या दिवशी बँक फक्त तेवढी रक्कम अडवून ठेवते. दवाखान्याची बँक पुढं ती मागते आणि मग व्यवहार पक्का होऊन खात्यावर चढतो. पॉईंट मोजतात ते खात्यावर चढलेल्या व्यवहारावर. आणि मोजलेले पॉईंट आमच्या कार्डावर लगेच दिसत नाहीत. महिन्याचं बिल निघतं तेव्हा एकदम जमा होतात. आमचं बिल नेमकं ऑपरेशनच्या आदल्या दिवशी निघालं होतं. म्हणजे आता पुढच्या बिलापर्यंत थांबायचं.

मी फोन ठेवला आणि चिडून म्हणालो, "पैसे घेताना एका सेकंदात, द्यायचं म्हटलं की महिना!"

वहिनी अस्तराचं कापड मोजत होती. हातातली मोजपट्टी ठेवून म्हणाली, "आवं भावजी, आपल्या डेअरीगतच हाय की. दूध आपण रोज घालतो. माप रोज हुतंय, फॅट रोज लागतीया. पण बिल धा दिसानंच निघतंय न्हवं? मधीच जाऊन कुणी पैसं मागतं का?"

मागं खुर्चीवर पाय लांब करून बसलेली आई लगेच म्हणाली, "आन् दिवाळीला दुधाच्या दराचा फरक येतोय, तो येगळा."

"तसं ह्यातबी हाय, आत्याबाई. जादाचे पॉईंट येगळे येत्यात. ते लय उशिरा."

तिनं कागद काढले. कार्डाबरोबर आलेलं बारीक इंग्रजी अक्षरांतलं माहितीपत्रक तिनं जपून ठेवलं होतं, फक्त ते वाचून अर्थ लावायला ती माझी वाट बघत होती. मी वाचत गेलो आणि ती प्रश्न विचारत गेली. तिचे प्रश्न दुकानदाराचे होते. पेट्रोलवर पॉईंट आहेत का? नाहीत. दवाखान्यावर? आहेत. औषधाच्या दुकानात आपण मोबाईलनं कोड स्कॅन केला, त्याचं काय? ते पैसे खात्यातून गेले, कार्डावरून नाही. त्याचे काहीच नाहीत. पॉईंटाच्या हिशेबात ठरावीक रकमेवर उरलेली मोड धरतात का? सोडून देतात. मग ती म्हणाली, "आता जादाचं वाचा." त्यात असं होतं, की तिमाहीत कार्डावर अमुक इतका खर्च झाला तर बोनस पॉईंट, आणि ते तिमाही संपल्यावर पुढच्या बिलाबरोबर. आईच्या ऑपरेशनमुळं तो आकडा सहज ओलांडला गेला होता. तिनं मनातल्या मनात बेरीज केली आणि हसली. नेहमीचे आणि बोनसचे मिळून दोन तिकिटांपुरते पॉईंट होत होते.

पुढचं बिल आलं. पॉईंट आले होते. तिनं मला मोबाईलच्या पडद्याचा फोटो पाठवला, खाली नुसतं हात जोडल्याचं चित्र. दादाला दाखवायला गेली तर तो म्हणाला, "बरं हाय," आणि बैलाला पाणी दाखवायला निघून गेला.

त्यानंतरच्या महिन्यात तिचा फोन आला तेव्हा आवाज वेगळा होता. पॉईंट कमी झाले होते.

दवाखान्यानं अनामत जास्तीच्या दिवसांची धरून घेतली होती. आई लवकर हिंडायला लागली म्हणून तिला लवकर घरी सोडलं आणि उरलेली रक्कम दवाखान्यानं नियमाप्रमाणं त्याच कार्डावर परत केली. ती परत आली तसे बँकेनं तेवढ्या रकमेचे पॉईंट वजा केले.

दादानं ऐकलं आणि टाळी वाजवली. "बघ! म्हणालो हुतो न्हवं? एका हातानं देत्यात आन् दुसऱ्या हातानं काढून घेत्यात."

मलाही राग आला होता. मी म्हणालो, "वहिनी, तक्रार करू. दिलेले पॉईंट असे कसे काढतात?"

"न्हाई भावजी." ती शांत होती. "गिऱ्हाईक साडी परत करतंय तवा मी पैसं परत देते. त्या साडीबरोबर दिलेला फुकटचा ब्लाऊजपीस त्यानं ठिवून घ्यावा का? पैसं आपल्याकडं आलं, मग त्येचं पॉईंट कसं ठिवायचं? बरोबर हाय त्यांचं."

 राग आलेला असताना समोरच्याचं बरोबर आहे असं म्हणणारी माणसं मी फार कमी बघितली आहेत. ती फसवली गेली असती तर तिनं सोडलं नसतं. एका व्यापाऱ्यानं एकदा मीटरमागं दोन बोटं कापड कमी दिलं तेव्हा ती बोजा घेऊन इचलकरंजीला परत गेली होती. पण इथं तिला अन्याय दिसला नाही आणि तिनं तो उगाच शोधलाही नाही.

खरी अडचण तिच्याच लक्षात आली. "ते परत आलेलं पैसं तिमाहीच्या खर्चातनंबी वजा हुनार. म्हंजी बोनसचा आकडा आपला आता पुरा हुत न्हाई. थोडक्यात ऱ्हातोय."

बोनस गेला तर एकाच तिकिटाचे पॉईंट उरत होते आणि आईला एकटीला विमानात बसवणं शक्य नव्हतं. मी म्हणालो, "मग काहीतरी घ्या की कार्डावर. फ्रिज जुना झालाय तुमचा."

"फ्रिज चालतोय." ती एवढंच म्हणाली. थोड्या वेळानं म्हणाली, "पॉईंटासाठी वस्तू घ्यायची न्हाई, भावजी. तसं केलं की मग ह्यांचं म्हणणं खरं हुतंय."

पण दसरा-दिवाळीचा माल तिला दरवर्षी भरावाच लागायचा. एरवी ती तो ऑक्टोबर लागल्यावर भरायची. या वर्षी तो सप्टेंबरात भरायचा तिनं ठरवलं. मी म्हटलं, महिनाअखेरीला जा, तोवर नवे रंग येतील. तिनं मान हलवली. "शेवटच्या दिसाला कार्ड घासलं आन् व्यापाऱ्यानं दोन दिस हिशेब लावलाच न्हाई तर? खात्यावर चढायचं ते पलीकडच्या तिमाहीत जाईल. आपण कवा घासलं ते कोण इचारत न्हाई, खात्यावर कवा चढलं ते बघत्यात."

ती महिनाअखेरीच्या चांगली आठवडाभर आधी इचलकरंजीला गेली. मी तिच्याबरोबर गेलो होतो, शाळेला सुट्टी होती. बाहेर पाऊस चालू होता. व्यापाऱ्याच्या गादीवर बसून ती एकेक ठाण उलगडून उजेडाकडं धरत होती आणि मला पहिल्यांदाच कळलं, की हे तिचं बघणं आणि ते कागद वाचणं एकच आहे. तिला घाई नव्हती. दर वर्षी लागतं तेवढंच कापड तिनं घेतलं, एक ठाण जास्त नाही. कार्ड घासलं. पुढचे चार दिवस ती सकाळी दुकानाचं शटर उघडायच्या आधी मोबाईल बघायची, आणि ज्या दिवशी तो व्यवहार पक्का झालेला दिसला त्या दिवशी तिनं मला फोन केला. "चढलं, भावजी." आणि मग लगेच, "आत्याबाईंस्नी अजून सांगू नका. पडल्यावर सांगू."

ऑक्टोबरच्या बिलात बोनस आला नाही. मी कासावीस झालो. तिनं माहितीपत्रकातली ती ओळ मला परत वाचायला लावली. तिमाही संपल्यावर पुढचं बिल. हे बिल सप्टेंबरात सुरू झालेल्या हिशेबाचं होतं; तिमाही संपल्यावर सुरू झालेल्या हिशेबाचं बिल नोव्हेंबरात निघणार होतं. ती म्हणाली, "अजून एक डाव थांबायचं."

दिवाळी झाली. घरात फराळाचे डबे अजून भरलेले होते, तेव्हा नोव्हेंबरचं बिल आलं. त्यात बोनस होता, पूर्ण. वहिनी मोबाईल घेऊन आईच्या शेजारी जाऊन बसली आणि म्हणाली, "आत्याबाई, कोल्लापुरातनं मुंबईला इमान जातंय. घाटावरनं जातंय. यायचं का?"

आईनं फराळाचा डबा बाजूला सारला. मग म्हणाली, "तुझ्याबरूबर येते. दुसऱ्या कुणाबरूबर न्हाई."

दोन तिकिटं पॉईंटांवर आली, वरचा कर तेवढा भरावा लागला. मी माझं तिकीट पैसे देऊन काढलं. मला हे चुकवायचं नव्हतं. दादा गाडी घेऊन आम्हाला कोल्हापूरला सोडायला आला. आईसाठी घरून उशी घेतली होती आणि ती त्यानं स्वतः तिच्या पाठीशी लावली.

विमानतळावर तपासणीच्या चौकटीतून आई गेली आणि चौकट वाजली. बाईनं तिला मागं पाठवलं, बांगड्या काढायला लावल्या. आई पुन्हा गेली, चौकट पुन्हा वाजली. आई घाबरून माझ्याकडं बघायला लागली. वहिनी पुढं झाली, पर्समधून दवाखान्याचं कार्ड काढून त्या बाईला दाखवलं. "गुडघा हाय तो, मॅडम. आत पोलाद बसिवलंय." बाईनं हातातलं यंत्र गुडघ्याजवळ नेलं, ते वाजलं, आणि ती हसली. "जा मावशी." पलीकडं गेल्यावर आईची भीती पार पळाली होती. शेजारच्या खुर्चीवर बसलेल्या अनोळखी माणसाला ती म्हणाली, "माझा गुडघा वाजतोय!"

विमानात ती खिडकीशी बसली, वहिनी तिच्या शेजारी आणि मी मागच्या रांगेत. उडताना तिनं वहिनीचा हात घट्ट धरला होता. वहिनीचंही ते पहिलंच विमान. तिनं दुसऱ्या हातानं पुढची सीट धरलेली मला फटीतून दिसत होती. मग विमान सरळ झालं. खाली उसाची हिरवी चौकोनी शेतं गेली, नदी गेली, आणि मग डोंगर आले. पाऊस चांगला झाला होता, सगळे माथे अजून हिरवे-पिवळे होते.

आई कपाळ काचेला लावून बघत होती.  मग म्हणाली, "चढ कुठाय, पोरी?"

"कसला चढ?"

"घाटाचा. आमी त्यो चढाय लागलो की मेंढरं सुदिक धापा टाकायची. माझी आई कोकरू पाटीत घालून चढायची. हितनं सगळं सपाटच दिसतंय की." आणि ती हसायला लागली, तोंडावर पदर धरून, खांदे हलेस्तोवर. हसता हसता तिचे डोळे भरून आले. वहिनी तिच्या मांडीवर हात ठेवून बसली. 

मुंबईत आम्ही दोन दिवस माझ्या आतेबहिणीकडं राहिलो. आईनं समुद्राच्या पाण्यात पाय बुडवले, कोकणातलाच समुद्र हा म्हणून तो तिनं लगेच ओळखीचा करून टाकला. येताना रेल्वेनं आलो. मिरजेला दादा स्टेशनवर आला होता. आई डब्यातून एकटी उतरली, दादानं पुढं केलेला हात तिनं धरला नाही. तो तिच्या पायांकडं बघत राहिला. गाडीपाशी आल्यावर त्यानं वहिनीच्या हातातली पिशवी घेतली आणि हळूच विचारलं, "ह्या महिन्याचं बिल कवा निघतंय गं? शेतातल्या मोटरीचं काम काढायचं हाय."

"चार तारखेला," वहिनी म्हणाली. "पण आधी पैसं खात्यावर ठिवा, मग मोटर."

"व्हय बाई, ठिवतो," दादा म्हणाला.

आष्ट्याला पोचलो तेव्हा दुकानाच्या पायरीवर लग्नघरातल्या दोघी जणी कापडाच्या पिशव्या घेऊन बसून होत्या. वहिनी घरी न जाता तिथंच उतरली. शटर वर गेलं. आतून त्यातल्या एकीचा आवाज आला, "वयनी, कसं असतंय वो इमान?"

"सांगते," वहिनी म्हणाली. "आधी हात वर करा, माप घेऊ द्या."